नॉर्मन लिअर आणि आर्ची बंकर : दूरचित्रवाणीवरील विनोद व पूर्वग्रहाचा प्रश्न

प्रास्ताविक

दूरचित्रवाणीच्या विनोदी मालिकांच्या इतिहासात लेखकापेक्षा नटाचे नाव मोठे होणे हा जणू नियमच आहे. प्रेक्षक पडद्यावरचा चेहरा ओळखतो. संहिता कोणी लिहिली, निर्मिती कोणाची, ही माहिती श्रेयनामावलीत सरकून जाते. अमेरिकन लेखक-निर्माते नॉर्मन लिअर (१९२२–२०२३) हे या नियमाला ठळक अपवाद ठरले. १९७४-७५ च्या हंगामात अमेरिकेत सर्वाधिक पाहिल्या गेलेल्या दहा मालिकांपैकी पाच मालिका लिअर आणि त्यांचे भागीदार बड यॉर्किन यांच्या निर्मितिसंस्थांच्या होत्या. तथापि लिअर यांचे महत्त्व या यशापुरते मर्यादित नाही. वंशद्वेष, स्त्री-पुरुष विषमता, गर्भपात, युद्ध, बेकारी यांसारखे जे विषय कौटुंबिक करमणुकीत वर्ज्य मानले जात, ते त्यांनी दिवाणखान्यात आणले, आणि तेही हसत-हसत.

ज्या दोषाला लोक हसतात तो दोष लाजून ओसरतो, असा दावा प्रहसनकार मोलिएरच्या काळापासून करीत आले आहेत. लिअर यांच्या कारकिर्दीत या दाव्याची जेवढी मोठी परीक्षा झाली तेवढी क्वचितच कोणा विनोदकाराच्या वाट्याला आली असेल. कोट्यवधी घरांतून एकाच रात्री ऐकू येणारे हसू पूर्वग्रहावर होते की पूर्वग्रहाच्या बाजूने होते, हा प्रश्न १९७१ मध्ये विचारला गेला. त्या प्रश्नाच्या अनुषंगाने लिअर यांच्या जीवनाचा आणि कार्याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

जडणघडण

लिअर यांचा जन्म २७ जुलै १९२२ रोजी कनेक्टिकट राज्यातील न्यू हेवन येथे एका ज्यू कुटुंबात झाला. वडील हर्मन लिअर हे विक्रेते. मोठमोठ्या योजनांची स्वप्ने पाहणारे, बोलघेवडे आणि व्यवहारात बेभरवशाचे. १९३१ साली बनावट रोखे विकण्याच्या प्रकरणात त्यांना अटक झाली व पुढे तुरुंगवास घडला. नॉर्मन त्यावेळी नऊ वर्षांचे होते. घरातले सामान विकायला काढले गेले, त्यात वडिलांची तांबड्या चामड्याची खुर्चीही होती, आणि त्याच गडबडीत कोणा परिचिताने या मुलाच्या खांद्यावर हात ठेवून आता घरातला कर्ता पुरुष तूच, असे त्याला सांगितले. २०१४ साली प्रसिद्ध झालेल्या ‘ईव्हन धिस आय गेट टू एक्सपीरियन्स’ या आत्मचरित्रात लिअर यांनी हा प्रसंग नोंदविला आहे. घर उद्ध्वस्त होत असताना मोठ्या माणसाने केलेला हा गंभीर उपदेश त्यांना पुढे विलक्षण हास्यास्पद वाटू लागला. माणसाच्या मूर्खपणाची पहिली जाणीव आपल्याला तेथे झाली, असे ते सांगत. याच सुमारास स्वतः जुळवलेल्या रेडिओ संचावर त्यांनी फादर कॉफलिन या धर्मगुरूची ज्यूद्वेषाने भरलेली भाषणे ऐकली. आपल्या जमातीचा तिरस्कार करणारा आवाज घराच्या चार भिंतींत शिरू शकतो, हे त्यांना प्रसारमाध्यमाने लहानपणीच शिकविले.

वडील परतल्यानंतरचे घर म्हणजे अखंड भांडण. हर्मन पत्नीला गप्प करण्यासाठी ‘स्टायफल’ हा शब्द वापरीत, आणि मुलाला गोऱ्या मुलांमधला सर्वांत आळशी मुलगा म्हणत. मला आळशी ठरविण्यासाठी दुसऱ्या एका वंशाला का हिणवता, असे मुलाने विचारले की बाप त्याला सर्वांत मूर्खही ठरवून मोकळा होई. हा संवाद पुढे जवळपास तसाच पडद्यावर आला.

शालेय शिक्षणानंतर लिअर यांनी बॉस्टनच्या इमर्सन कॉलेजात प्रवेश घेतला. परंतु १९४२ साली शिक्षण सोडून ते सैन्याच्या हवाई दलात दाखल झाले. बी-१७ बाँबफेकी विमानावर रेडिओचालक व तोफची म्हणून इटलीतील तळावरून त्यांनी ५२ मोहिमांत भाग घेतला. १९४५ मध्ये सेवामुक्त झाल्यावर काही काळ न्यूयॉर्कमध्ये प्रसिद्धीचे काम करून ते कॅलिफोर्नियात गेले. तेथे नात्यातील एड सिमन्स यांच्यासह ते दारोदार जाऊन घरगुती वस्तू व कौटुंबिक छायाचित्रे विकीत असत. एका रात्री दोघांनी मिळून एक विनोदी गीत लिहिले आणि ते विकलेही गेले. यानंतरची हकिकत लिअर मोठ्या आवडीने सांगत. ‘न्यूयॉर्क टाइम्स’चा बातमीदार असल्याची बतावणी करून त्यांनी विनोदी नट डॅनी थॉमस यांचा दूरध्वनी क्रमांक मिळविला आणि त्यांना आपले लेखन विकले. पित्याच्या फसवेगिरीचा वारसा मुलाकडे एवढ्या निरुपद्रवी रूपात उतरला, असे म्हणावेसे वाटते.

१९५० पासून सिमन्स व लिअर ही जोडी ‘कोलगेट कॉमेडी अवर’ या कार्यक्रमासाठी डीन मार्टिन आणि जेरी लुईस यांची प्रहसने लिहू लागली. हे प्रक्षेपण थेट असे. चुकले तर पुन्हा चित्रीकरण नाही, आणि प्रेक्षक हसले नाहीत तर त्यावर तात्काळ उपायही नाही. विनोदाची खरी कसोटी समोर बसलेल्या माणसांच्या प्रतिसादात असते, हा लिअर यांचा आयुष्यभराचा विश्वास या काळात पक्का झाला. पन्नाशीच्या दशकाच्या अखेरीस त्यांनी यॉर्किन यांच्यासमवेत ‘टँडेम’ ही संस्था काढली. साठच्या दशकात त्यांचे लक्ष चित्रपटांकडे अधिक होते. ‘डिव्होर्स अमेरिकन स्टाइल’ (१९६७) च्या पटकथेला ऑस्करचे नामांकनही मिळाले.

‘ऑल इन द फॅमिली’

बीबीसीवर १९६६ पासून जॉनी स्पेट यांची ‘टिल डेथ अस डू पार्ट’ ही मालिका गाजत होती. लंडनच्या गरीब वस्तीतील ॲल्फ गार्नेट हा शिवराळ, परंपराभिमानी, परकीयांचा द्वेष करणारा गृहस्थ आणि त्याचा डाव्या विचारांचा जावई यांच्या कलहावर ती उभी होती. तिची माहिती मिळताच लिअर यांना स्वतःचे घर आठवले. त्यांनी अमेरिकन रूपांतराचे हक्क घेतले. १९६८ व १९६९ मध्ये एबीसी या वाहिनीसाठी नमुन्याचे दोन भाग तयार झाले आणि दोन्ही नाकारले गेले.

वाहिनी धास्तावली यात आश्चर्य नव्हते. त्या काळच्या कौटुंबिक मालिकांत घरावरचे मोठ्यात मोठे संकट म्हणजे करपलेले जेवण किंवा साहेबांचे अचानक आगमन. व्हिएतनामचे युद्ध, शहरांतील वांशिक दंगली, विद्यार्थ्यांची आंदोलने हे सारे बातम्यांत असे आणि बातम्या संपताच नाहीसे होई. परंतु सीबीएसचे अध्यक्ष रॉबर्ट वुड यांना शहरी, तरुण आणि खरेदीक्षम प्रेक्षक हवा होता. त्यापायी त्यांनी ‘द बेव्हर्ली हिलबिलीज’सारख्या ग्रामीण थाटाच्या लोकप्रिय मालिका १९७१ मध्ये बंद केल्या. म्हणजे लिअर यांना दार उघडले ते सामाजिक जाणिवेपेक्षा जाहिरातीच्या हिशेबाने. हे नमूद करणे आवश्यक आहे, कारण लिअर यांच्या चरित्रकथनात त्यांच्या धाडसाला मिळते तेवढी जागा बाजाराच्या या गणिताला मिळत नाही.

१२ जानेवारी १९७१ रोजी ‘ऑल इन द फॅमिली’चा पहिला भाग प्रसारित झाला. मानवी दौर्बल्यांवर विनोदी प्रकाश टाकण्याचा हा प्रयत्न आहे, अशा आशयाची सूचना वाहिनीने आधी झळकविली आणि तक्रारींचा पूर येईल या भीतीने जादा दूरध्वनिचालक नेमले. पूर आला नाही. प्रसारणापूर्वीच्या ओढाताणीत पती-पत्नीच्या रविवार सकाळच्या एकान्ताविषयीचे एक वाक्य गाळावे, असा वाहिनीचा आग्रह होता. वाक्य गाळले तर आपण निघून जाऊ, असे लिअर यांनी कळविले. वाक्य तसे किरकोळ होते. पण पहिल्याच भागात नमते घेतले तर पुढे प्रत्येक शब्दासाठी झगडावे लागेल, हे त्यांनी ओळखले होते. वाक्य राहिले.

मालिकेचे स्थळ न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातील ७०४ हाउझर स्ट्रीट. गोदीतला मुकादम आर्ची बंकर, भोळी पण माणुसकीने शहाणी असलेली त्याची पत्नी ईडिथ, मुलगी ग्लोरिया आणि शिकणारा, सासऱ्याच्याच घरात राहणारा उदारमतवादी जावई माईक. कॅरल ओकॉनर, जीन स्टेपलटन, सॅली स्ट्रुथर्स व रॉब रायनर या चौघांनी त्या घराला देह दिला. आर्ची कृष्णवर्णीय, ज्यू, पोर्टो रिकन, कॅथलिक या सगळ्यांबद्दल सारख्याच आत्मविश्वासाने चुकीचे बोलतो, शब्दांची मोडतोड करतो आणि वाद हरत आला की आपल्या खुर्चीत जाऊन बसतो. हर्मन लिअर यांचा ‘स्टायफल’ त्याच्या तोंडी आला. ती खुर्चीही जणू चाळीस वर्षांनी परत मिळाली.

चित्रण प्रत्यक्ष प्रेक्षकांसमोर, ध्वनिचित्रफितीवर होई. एकाच दिवशी दोन वेगवेगळ्या प्रेक्षकवर्गांसमोर भाग सादर करून त्यांतील उत्तम अंश निवडले जात. हशा तबकडीवरून जोडलेला नसल्याने नटांना थांबावे लागे, आणि त्या थांबण्यात आर्चीच्या चेहऱ्यावर जे उमटे ते संहितेत लिहिता येण्यासारखे नव्हते. १९ फेब्रुवारी १९७२ च्या भागात गायक सॅमी डेव्हिस ज्युनिअर आर्चीच्या घरी येतात आणि छायाचित्र काढताना त्याच्या गालाचे चुंबन घेतात. त्या क्षणी संवाद नाही. आहे तो गोऱ्या माणसाचा ताठरलेला चेहरा आणि प्रेक्षागृहातला न थांबणारा हशा.

सुरुवातीला प्रेक्षकसंख्या बेताची होती. मे १९७१ मधील एमी पारितोषिके आणि उन्हाळ्यातील पुनःप्रसारण यांमुळे चित्र पालटले. त्यानंतर सलग पाच हंगाम ही मालिका अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर राहिली.

हसू कोणाच्या बाजूचे?

सप्टेंबर १९७१ मध्ये लॉरा हॉबसन यांनी ‘न्यूयॉर्क टाइम्स’मध्ये मालिकेवर प्रखर टीका केली. ज्यूद्वेषावरील ‘जंटलमन्स ॲग्रीमेंट’ (१९४७) या कादंबरीच्या लेखिका म्हणून त्यांच्या शब्दाला वजन होते. खरा वंशद्वेष्टा जे अत्यंत विषारी शब्द वापरतो ते आर्ची वापरत नाही; द्वेष असा धुऊनपुसून प्रेमळ केला की तो निरुपद्रवी वाटू लागतो, असा त्यांचा आक्षेप होता. लिअर यांनी त्याच वृत्तपत्रात उत्तर दिले. पूर्वग्रह हा केवळ राक्षसांच्या ठायी नसतो, तो आपल्या आवडत्या माणसांतही असतो, ही त्यांची भूमिका होती. ती पुत्राची भूमिका होती हे उघड आहे. ज्याच्यावर प्रेम केले त्या बापाला खलनायक करणे त्यांना शक्य नव्हते.

आर्चीवरील हे प्रेम मात्र निर्मात्याच्या हातात राहिले नाही. त्याची वचने छापलेली पुस्तिका खपली, ‘आर्ची बंकर फॉर प्रेसिडेंट’ असे छापलेले सदरे व चिकटपट्ट्या बाजारात आल्या, आणि १९७२ च्या डेमोक्रॅटिक पक्षाच्या अधिवेशनात उपाध्यक्षपदासाठी या काल्पनिक माणसाला एक मतही पडले. खुद्द अध्यक्ष रिचर्ड निक्सन यांनी १३ मे १९७१ रोजी आपल्या सहकाऱ्यांजवळ मालिकेतील समलिंगी मित्राच्या भागाविषयी संताप व्यक्त केला. पुढे खुल्या झालेल्या ध्वनिफितींत तो ऐकू येतो. त्यांच्या मते एका चांगल्या माणसाला त्यात मूर्ख ठरविले होते. हा चांगला माणूस म्हणजे आर्ची. उपहासाचे लक्ष्य असलेल्या पात्रात राष्ट्राध्यक्षांना सज्जन दिसावा, याहून बोलका पुरावा शोधणे कठीण.

शास्त्रीय पुरावा १९७४ साली आला. नील विडमार आणि मिल्टन रोकीच यांनी अमेरिकेतील किशोरवयीन विद्यार्थी व कॅनडातील प्रौढ यांची मते तपासून ‘जर्नल ऑफ कम्युनिकेशन’मध्ये निष्कर्ष मांडले. मालिका बहुतेकांना आवडत होती. पण ज्यांच्या मनात पूर्वग्रह अधिक होते त्यांना आर्चीचे म्हणणे पटणारे वाटे आणि वादात तोच जिंकतो असे दिसे. प्रत्येकाने मालिकेत आपलेच मत पाहिले. उपहासाने पूर्वग्रह घटतो या गृहीतकाला या पाहणीत आधार मिळाला नाही, उलट तो दृढ होण्याची शक्यता अभ्यासकांनी बोलून दाखविली.

या निष्कर्षाचे कारण बहुतेक वेळा आर्चीच्या लोभस अभिनयात शोधले जाते. ते अपुरे आहे. साप्ताहिक विनोदी मालिकेच्या रचनेतच एक अडचण दडलेली आहे. नाटकात पात्र बदलते आणि पडदा पडतो. मालिकेत मात्र पुढच्या आठवड्यात तेच पात्र त्याच खुर्चीत हवे असते. आर्ची प्रत्येक भागात हरतो, पण सुधारला तर मालिका संपेल. म्हणून त्याचा पराभव दर आठवड्याला पुसला जातो आणि पूर्वग्रह अक्षत राहतो. हसण्याने दोष ओसरतो हे तत्त्व ज्या रूपबंधावर लादले गेले तो रूपबंधच दोषाच्या टिकण्यावर जगत होता. लिअर यांना याची अंधुक जाणीव असावी. मालिकेतील खरी वाढ त्यांनी ईडिथकडे दिली; पतीच्या आज्ञेत राहणारी ही स्त्री वर्षागणिक स्वतःचे मत बोलू लागते, आणि हाउझर स्ट्रीटवर काही बदलत असेल तर ते तिच्यामुळे.

विस्तार आणि त्याची किंमत

यशानंतर लिअर यांनी एका मालिकेतील पात्राला दुसऱ्या मालिकेत स्वतंत्र घर देण्याची पद्धत पद्धतशीरपणे वापरली. ईडिथची नात्यातील बहीण (कझिन) मॉड हिच्यावर १९७२ मध्ये ‘मॉड’ सुरू झाली. बी आर्थर यांनी रंगविलेली ही उदारमतवादी, चार लग्ने केलेली स्त्री ४७ व्या वर्षी गर्भवती राहते आणि गर्भपाताचा निर्णय घेते. सुझन हॅरिस यांनी लिहिलेला हा दोन भागांचा प्रसंग नोव्हेंबर १९७२ मध्ये प्रसारित झाला. न्यूयॉर्क राज्यात गर्भपात तेव्हा कायदेशीर होता. देशभर त्याला संरक्षण देणारा ‘रो विरुद्ध वेड’ निकाल दोन महिन्यांनी आला (आणि २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द केला). पहिल्या प्रसारणाला इलिनॉय राज्यातील दोन संलग्न केंद्रांनी नकार दिला. ऑगस्ट १९७३ मधील पुनःप्रसारणाच्या वेळी मात्र जवळजवळ चाळीस केंद्रांनी पाठ फिरविली. विरोध संघटित व्हायला नऊ महिने लागले होते.

कृष्णवर्णीय कुटुंबांवरील मालिका हा या विस्ताराचा सर्वांत महत्त्वाचा आणि सर्वांत अडचणीचा भाग होय. ‘गुड टाइम्स’ (१९७४) ही एरिक माँटी व माइक इव्हान्स यांची निर्मिती. शिकागोतील सरकारी वसाहतीत राहणाऱ्या गरीब कुटुंबाची ही कथा. माँटी स्वतः तशाच वसाहतीत वाढले होते. या घरात बाप असलाच पाहिजे, अशी अट नायिका एस्थर रोल यांनी घातली आणि ती मान्य झाली. जॉन एमस यांनी कष्टाळू, करारी पिता उभा केला. परंतु थोरला मुलगा जे. जे. याच्या विदूषकी हावभावांना हशे मिळू लागले, तसा लेखनाचा तोल त्याच्याकडे झुकला. १९७५ साली ‘एबनी’ मासिकात रोल यांनी उघड नाराजी व्यक्त केली. एमस यांचे पात्र १९७६ मध्ये अपघातात मरण पावल्याचे दाखविण्यात आले. पुढल्या वर्षी रोल यांनीही मालिका सोडली, आणि जी बापाच्या हट्टाने सुरू झाली ती मालिका काही काळ आईबापांवाचून चालली. रोल १९७८ मध्ये परतल्या. काळ्या पँथर संघटनेचे कार्यकर्ते आपल्या कार्यालयात येऊन, टीव्हीवरचा काळा माणूस सदैव दरिद्रीच का, असे खडसावून गेल्याचे लिअर सांगत. १९७५ मध्ये सुरू झालेली ‘द जेफरसन्स’ ही आर्चीच्या शेजाऱ्यांची मालिका कपडे धुण्याच्या व्यवसायात श्रीमंत झालेल्या कृष्णवर्णीय कुटुंबाची होती आणि ती दहा वर्षे चालली.

येथे लिअर यांचा उदारमतवाद आणि त्यांचे निर्मातेपण यांत विसंगती दिसते. अनुभव कृष्णवर्णीयांचा, अखेरचा शब्द मात्र गोऱ्या निर्मात्याचा, हे सत्तेचे नाते त्यांच्या मालिकांतील संवादांनी कधी मोडले नाही.

वाहिन्यांशी त्यांचा संघर्ष न्यायालयापर्यंतही गेला. १९७५ साली संघीय आयोगाच्या दडपणाखाली वाहिन्यांनी संध्याकाळचा पहिला तास ‘कौटुंबिक’ कार्यक्रमांसाठी राखून ठेवला आणि ‘ऑल इन द फॅमिली’ला शनिवारच्या आठऐवजी सोमवारी नऊची वेळ दिली गेली. लेखकसंघ आणि लिअर यांनी दावा लावला. नोव्हेंबर १९७६ मध्ये न्यायाधीश वॉरन फर्ग्युसन यांनी हे धोरण अभिव्यक्तिस्वातंत्र्याविरुद्ध असल्याचा निर्णय दिला. वरिष्ठ न्यायालयाने १९७९ मध्ये अधिकारक्षेत्राच्या मुद्द्यावर तो बाजूला ठेवला, पण तोपर्यंत त्या तासाचा धाक संपला होता.

उत्तरायुष्य

१९७८ च्या सुमारास लिअर दैनंदिन निर्मितीतून दूर झाले. त्याच वर्षी आर्ची व ईडिथच्या खुर्च्या वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन संग्रहालयात गेल्या. जेरी फॉलवेल यांच्यासारख्या धर्मप्रचारकांच्या राजकीय उदयाने अस्वस्थ होऊन लिअर यांनी १९८१ मध्ये, काँग्रेसच्या माजी सदस्या बार्बरा जॉर्डन यांच्या सहकार्याने, ‘पीपल फॉर दि अमेरिकन वे’ ही संघटना स्थापन केली. १९८५ साली त्यांनी व जेरी पेरेन्शिओ यांनी आपल्या संस्था कोका-कोला कंपनीला ४८.५ कोटी डॉलरना विकल्या. त्या पैशातूनच पुढे, २००० साली, एका सहकाऱ्यासह स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याची १७७६ मधील मूळ छापील प्रत ८१ लाख डॉलरहून अधिक किंमतीला घेऊन ती देशभर फिरविणे त्यांना शक्य झाले. ऐंशीनंतरच्या त्यांच्या नव्या मालिका फारशा टिकल्या नाहीत. अपवाद २०१७ साली क्यूबन-अमेरिकन कुटुंबावर बेतून पुन्हा निर्माण झालेल्या ‘वन डे ॲट अ टाइम’चा, त्यावेळी ते ९४ वर्षांचे होते. ५ डिसेंबर २०२३ रोजी लॉस एंजेलिस येथे वयाच्या १०१ व्या वर्षी त्यांचे निधन झाले.

त्याआधी २२ मे २०१९ रोजी एबीसीने, म्हणजे ज्या वाहिनीने अर्धशतकापूर्वी आर्चीला दोनदा नाकारले होते तिनेच, ‘ऑल इन द फॅमिली’ व ‘द जेफरसन्स’ यांचा एकेक जुना भाग नव्या नटसंचात प्रेक्षकांसमोर थेट सादर केला. वुडी हॅरलसन आर्ची झाले, जेमी फॉक्स जॉर्ज जेफरसन. संहिता जुनीच ठेवली होती. मात्र कृष्णवर्णीयांसाठीचा जो अपशब्द १९७५ च्या मूळ भागात जॉर्जच्या तोंडून स्पष्ट ऐकू गेला होता, तो या वेळी वाहिनीने यांत्रिक आवाजाखाली दाबला.